अपघात, दोष आणि माणसाचे मोल

नागपूरच्या दक्षिण अंगाला, वर्धा मार्गाला लागून मनीषनगर आहे. येथील रेल्वे फाटक पडले की दोन्ही बाजूंना वाहनांच्या लांब रांगा लागत. १३ नोव्हेंबर २०२० रोजी वर्धा मार्गावरचा दुमजली उड्डाणपूल खुला झाला. खाली जुना रस्ता, त्याच्या डोक्यावर महामार्ग आणि त्याच्याही वर मेट्रो अशी तीन थरांची वाहतूक तेव्हापासून येथे चालते. वेगाने जाणारा वरून जातो. ज्याला मनीषनगरातच कामावर यायचे आहे त्याला मात्र खालचा थर सुटत नाही. बँकेतला अधिकारी दुचाकीवर येतो. ठिय्यावरून मिळालेल्या कामाला गवंडी सायकलने येतो, त्याच्यामागून रेजा येते, आणि चार घरची धुणीभांडी करणारी बाई पायी येते.

रस्ता सर्वांना एकच आहे. ट्रकची धडक बसली तर हाडेही सर्वांची सारखीच मोडतात. परंतु जखमी माणूस भरपाई मागायला उभा राहिला की त्याला दोन प्रश्न विचारले जातात. पहिला प्रश्न, चूक कोणाची? दुसरा प्रश्न, तुझी कमाई किती? हे प्रश्न आपल्याला इतके सवयीचे झाले आहेत की ते विचारणाऱ्यालाही काही इतिहास आहे, याची आठवण राहत नाही. हा इतिहास दलित समाजाने नीट वाचला पाहिजे. रस्त्यावर सर्वांत उघडा पडणारा माणूस आपल्यातला आहे आणि भरपाईच्या हिशेबात सर्वांत स्वस्त ठरणाराही बहुधा तोच आहे.

१

वाहनाच्या अपघाताचा कायदा मोटारीबरोबर आला, असा समज आहे. तो बरोबर नाही. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात गाडीच्या अपघातांविषयीचे श्लोक आहेत. बैलाची वेसण तुटली, जू मोडले, आस मोडला, चाक मोडले, तर दंड नाही. हाकणाऱ्याने 'बाजूला हो' असे ओरडून सांगितले असेल, तरी दंड नाही. हाकणाऱ्याच्या अकौशल्याने गाडी भलतीकडे वळून इजा झाली, तर गाडीच्या मालकाला दोनशे पण दंड. हाकणारा जाणकार असेल तर दंड त्याला. तो अजाण असेल तर गाडीत बसलेल्या प्रत्येकाला शंभर पण दंड. अंगाला इजा करणाऱ्याने बरे होण्याचा खर्च द्यावा, अशी तरतूद याच अध्यायात आहे, हे प्रामाणिकपणे नोंदवले पाहिजे. पण दंड मात्र राजाच्या खजिन्यात जातो.

माणूस मारला गेला तर त्याचे मोल काय, याचे उत्तर अकराव्या अध्यायातल्या प्रायश्चित्तांत सापडते. क्षत्रियाच्या वधाला हजार गाई, वैश्याच्या वधाला शंभर आणि शूद्राच्या वधाला दहा. या गाई मृताच्या घरी जात नाहीत, त्या ब्राह्मणाला द्यायच्या आहेत. मांजर, मुंगूस, बेडूक, कुत्रा, घोरपड, घुबड, कावळा यांना मारले तरी शूद्रहत्येचेच प्रायश्चित्त सांगितले आहे. शूद्राची ही गत, तर चातुर्वर्ण्याच्या बाहेर ठेवलेल्याचा दर काय असेल, हे सांगण्याची गरज शास्त्रकाराला वाटली नाही.

दर ठरवलेला नव्हता याचेही कारण आहे. अस्पृश्याला मुळात रस्ताच मोकळा नव्हता. विसाव्या शतकात, १९२४ साली, केरळातल्या वायकोम येथे मंदिराभोवतीच्या रस्त्यांवरून चालता यावे एवढ्यासाठी सत्याग्रह करावा लागला. ज्याचा रस्त्यावर हक्क नाही, त्याने रस्त्यावर झालेल्या इजेची भरपाई कोणत्या तोंडाने मागायची? २५ डिसेंबर १९२७ रोजी महाडला बाबासाहेबांनी मनुस्मृतीचे दहन केले. त्या अग्नीत माणसांचे हे दरपत्रकही जळाले, असे आपण मानतो. ते खरोखर जळाले काय, हे पुढे तपासायचे आहे.

२

महाडनंतर दोनच वर्षांनी खुद्द बाबासाहेब रस्त्यावरच्या अपघातात जखमी झाले. हा प्रसंग आपल्या चळवळीत परिचित आहे, पण तो नेहमी अस्पृश्यतेचा प्रसंग म्हणून सांगितला जातो. अपघाताचा खटला म्हणूनही तो वाचला पाहिजे.

१९२९ साली मुंबई सरकारने अस्पृश्यांच्या गाऱ्हाण्यांच्या चौकशीसाठी नेमलेल्या समितीचे बाबासाहेब सदस्य होते. धुळ्याकडचे काम आटोपून परतताना ते चाळीसगावला उतरले. तेथील अस्पृश्य बांधवांनी त्यांना मुक्कामाचा आग्रह केला होता. महारवाडा स्टेशनापासून दूर होता. पाहुण्याला पायी नेणे त्यांच्या मनाला पटेना, म्हणून टांगा ठरवण्याची खटपट झाली. एकही टांगेवाला अस्पृश्याला बसवून हाकायला तयार होईना. शेवटी तोड निघाली, ती अशी की टांगा भाड्याने मिळेल, टांगेवाला मिळणार नाही. ज्याने कधी टांगा हाकला नव्हता अशा आपल्यातल्याच एकाने लगाम हातात घेतला. नदीवरच्या फरशीवर चाक दगडांत अडकले. घोडा आणि टांगा खाली गेले. बाबासाहेब दगडांवर फेकले गेले, त्यांचा पाय मोडला आणि कित्येक दिवस त्यांना हिंडता-फिरता आले नाही.

आता पहिला प्रश्न विचारू या. चूक कोणाची?

मनूला विचारले तर हाकणारा अजाण होता, सबब गाडीत बसलेला दंडपात्र. म्हणजे ज्याचा पाय मोडला त्याच्याकडेच शंभर पण मागायचे! इंग्रजी कायद्याला विचारले तर तो निष्काळजीपणा शोधील आणि त्याची नजर लगाम धरलेल्या हातावर जाऊन थांबेल. न शिकलेला माणूस टांगा हाकायला बसला, हा त्याचा दोष. ज्या जाणकार टांगेवाल्यांनी हाकायचे नाकारले, ते या खटल्यात साक्षीदारसुद्धा होणार नाहीत. अपघाताचे खरे कारण जात होते आणि जातीला समन्स बजावता येत नाही.

चाळीसगावच्या फरशीवर जे घडले ते आजही अनेक रूपांनी घडते. पूर्व विदर्भातले मजूर मिरची तोडायला तेलंगणात जातात. मराठवाड्यातले ऊसतोडणी कामगार साखरपट्ट्यात जातात. ते मालवाहू गाड्यांतून, ट्रॅक्टरच्या ट्रॉलीतून जातात. अपघात झाला की विचारले जाते, मालाच्या गाडीत माणसे बसलीच का? बसण्याजोगी दुसरी गाडी त्यांच्या वाट्याला का आली नाही, हे कोणी विचारत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९९९ साली अशा प्रवाशांना विम्याचे संरक्षण मिळेल असे म्हटले होते. डिसेंबर २००२ मध्ये त्याच न्यायालयाच्या मोठ्या पीठाने तो निर्णय फिरवला. मालवाहू गाडीतल्या प्रवाशाचा विमा मालकाने उतरवलाच पाहिजे असे बंधन कायद्यात नाही, असे ठरले. १९९४ च्या दुरुस्तीने मात्र गाडीतल्या मालाच्या धन्याला किंवा त्याच्या प्रतिनिधीला संरक्षण दिले आहे. पोत्यांचा धनी विम्याच्या आत आणि पोटासाठी गाव सोडलेला मजूर विम्याच्या बाहेर, असा हा न्याय आहे.

३

दोषाचा प्रश्न बाजूला ठेवून जखमीकडे पाहावे, हा विचार आपल्या देशात आला तो कारखान्यातून. १८५५ चा प्राणघातक अपघातांचा कायदा मृताच्या कुटुंबाला भरपाई मागू देत होता, पण दुसऱ्याचा दोष सिद्ध करणे भाग होते. १९२३ च्या कामगार नुकसानभरपाई कायद्याने पहिल्यांदा असे म्हटले की, काम करताना इजा झाली तर मालकाने भरपाई द्यायची, मालकाची चूक दाखवावी लागणार नाही. पण या दारातून आपल्यातले थोडेच आत गेले. मूळ अनुसूचीत शेतमजुराला जागा नव्हती. नैमित्तिक कामावरच्या मजुराला व्याख्येतून वगळण्याचा शब्दप्रयोग तर २००० सालच्या दुरुस्तीपर्यंत टिकून होता.

१९४२ ते १९४६ या काळात बाबासाहेब व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर खात्याचे सदस्य होते. त्या काळातला १९४३ चा युद्धातील इजांविषयीचा नुकसानभरपाई विमा कायदा फारसा कोणी आठवत नाही. शत्रूच्या बॉम्बने कामगार जखमी झाला तर दोष कोणाचा म्हणायचा? मालकाचा नाही आणि कामगाराचाही नाही. तरीही भरपाईचे दायित्व मालकावर टाकले गेले, त्यासाठी विमा सक्तीचा झाला आणि सरकारच्या हाती निधी उभा राहिला. इजा हा समाजाने मिळून वाहायचा भार आहे, हे तत्त्व त्यात स्पष्ट आहे. चाळीसगावला ज्याने मोडलेला पाय अनुभवला होता, त्याच्याच खात्याने हा कायदा आणला होता.

रस्त्यावर हे तत्त्व यायला फार वेळ लागला. १९३९ च्या मोटार वाहन कायद्यातला सक्तीच्या विम्याचा भाग १ जुलै १९४६ पासून अमलात आला. भरपाईसाठी मात्र दिवाणी न्यायालयात जाऊन दाव्याच्या रकमेच्या प्रमाणात फी भरावी लागे. १९५६ च्या दुरुस्तीने दाव्यांसाठी स्वतंत्र न्यायाधिकरणांची सोय केली. ज्या वर्षी ऑक्टोबरात नागपूरच्या भूमीवर लाखो माणसांनी माणूसपणाची दीक्षा घेतली, त्याच वर्षाअखेरीस हा कायदा मंजूर झाला. दार उघडले, पण उंबरठ्यावर निष्काळजीपणाच्या पुराव्याची अट तशीच राहिली.

ही अट काय करते, याचा दाखला नागपूरच्या रस्त्याचाच आहे. १८ डिसेंबर १९६० रोजी नागपूरहून पांढुर्ण्याकडे जाणारी एका जिनिंग-प्रेसिंग कंपनीची मोटार झाडावर आदळली. गाडी कंपनीचा व्यवस्थापक चालवीत होता. आतला एक प्रवासी मरण पावला. न्यायाधिकरणाने त्याच्या कुटुंबाला एकतीस हजारांच्या आसपास भरपाई दिली. उच्च न्यायालयाने ती रद्द केली. सर्वोच्च न्यायालयाने मार्च १९७७ मध्ये म्हटले की, रस्ता सोडून गाडी झाडावर आदळते ही गोष्ट स्वतःच निष्काळजीपणा सांगते. भरपाई परत मिळाली, पण विमा कंपनीचा वाटा पंधरा हजारांपुरताच ठरला. सोळा वर्षे गेली. या कुटुंबाला सर्वोच्च न्यायालयापर्यंत जाता आले. ज्याला तालुक्याच्या वकिलाची फी झेपत नाही, त्याची सोळा वर्षे कोणत्या निकालपत्रात मोजायची?

त्याच १९७७ साली, मुंबईच्या एका प्रकरणात, निष्काळजीपणा सिद्ध झाल्याशिवाय मालकावर दायित्व नाही असे सर्वोच्च न्यायालयाने बजावले. १ ऑक्टोबर १९८२ पासून संसदेने त्याला मर्यादित उत्तर दिले. कोणाचीही चूक न विचारता मृत्यूला १५,००० रुपये आणि कायमच्या अपंगत्वाला ७,५०० रुपये. धडक देऊन पळालेल्या वाहनासाठी निधीतून मृत्यूला ५,००० आणि गंभीर इजेला १,००० रुपये.

रकमा तुटपुंज्या होत्या, हे कोणीही म्हणेल. परंतु त्यांच्यात एक गोष्ट होती जिच्याकडे दुर्लक्ष झाले. त्या सर्वांना सारख्या होत्या. कलेक्टरच्या पायाला ७,५०० आणि कचरा उचलणाऱ्याच्या पायालाही ७,५००. आपल्या इतिहासात बहुधा पहिल्यांदाच सर्वांच्या हाडांची एकच किंमत कायद्याच्या पुस्तकात लिहिली गेली.

४

आता दुसऱ्या प्रश्नाकडे येऊ. तुझी कमाई किती?

१९९४ साली भरपाईचे कोष्टक आले. चूक सिद्ध करायची नाही, वय आणि उत्पन्न पाहायचे आणि आकडा काढायचा. ज्याला उत्पन्नच नाही त्याचे मानीव उत्पन्न वर्षाला १५,००० रुपये धरायचे. महागाई कितीही वाढली तरी हा आकडा कोष्टकात तसाच पडून राहिला. २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने कोष्टक कालबाह्य झाल्याचे सांगितले आणि मे २०१८ मध्ये सरकारने ते बदलून मृत्यूसाठी सरसकट ५ लाख रुपये केले. १ एप्रिल २०२२ पासून चूक न दाखवता मृत्यूला ५ लाख आणि गंभीर इजेला अडीच लाख अशी तरतूद आहे. त्याहून अधिक हवे असेल तर निष्काळजीपणा सिद्ध करा आणि उत्पन्न दाखवा.

हे उत्पन्नाचे गणित २००९ आणि २०१७ च्या निकालांनी ठरवून दिले आहे. ते मनीषनगरच्या रस्त्यावर ठेवून पाहू. समजा, एकाच ट्रकने दोघांना उडवले. दोघेही पस्तीस वर्षांचे, दोघेही पूर्णपणे कायमचे अपंग झाले. एक अधिकारी, कायम नोकरी, महिना ६०,००० रुपये. दुसरी धुणीभांडी करणारी बाई, चार घरचे मिळून महिना ८,००० रुपये. अधिकाऱ्याचे वार्षिक उत्पन्न ७,२०,०००. कायम नोकरी म्हणून भविष्यातील वाढ ५० टक्के, झाले १०,८०,०००. वयाप्रमाणे गुणक १६. एकूण १ कोटी ७२ लाख ८० हजार. बाईचे वार्षिक उत्पन्न ९६,०००. नोकरी कायम नाही म्हणून वाढ ४० टक्केच, झाले १,३४,४००. गुणक तोच १६. एकूण २१ लाख ५० हजार ४००.

दोघांच्या पगारात साडेसातपट अंतर होते, भरपाईत ते आठपटीच्या वर गेले. जिवंतपणी बाजाराने केलेली विषमता न्यायालयाच्या दारात कमी तर झाली नाहीच, थोडी वाढली. आणि हे तिचे आठ हजार सिद्ध झाले तर! चार घरच्या मालकिणींपैकी कोण साक्षीला येणार? हिशेबाची वही नाही, पगाराची चिठ्ठी नाही. मग किमान वेतनाचा किंवा अंदाजाचा आकडा धरला जातो.

येथे कोणी म्हणेल, यात जात कुठे आली? भरपाई नुकसानीची असते आणि नुकसान कमाईच्या प्रमाणात असते. हा युक्तिवाद वरवर बिनतोड आहे. पण कमाई ठरली कशी, हे विचारल्याबरोबर तो डळमळतो. कोणी झाडायचे, कोणी ढोरे ओढायची, कोणी वीट वाहायची आणि कोणी पोथी वाचायची, हे ज्या व्यवस्थेने जन्मावर ठरवले, तिनेच कमाईची उतरंडही रचली. कायदा ती उतरंड उत्पन्नाच्या दाखल्यातून जशीच्या तशी उचलतो आणि तिला सोळाने गुणतो. गाईंच्या ठिकाणी रुपये आले, वर्णाच्या ठिकाणी पगारपत्रक आले. महाडच्या अग्नीत दरपत्रक पुरते जळाले नाही, ते असे.

न्यायालयांना हे दिसतच नाही, असे म्हणणे मात्र अन्यायाचे होईल. एका सुताराचा हात कोपराच्या वर कापावा लागला होता. हात गेलेला सुतार सुतारकी करू शकत नाही, म्हणून त्याची कमाईची शक्ती शंभर टक्के गेली, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७५ साली मान्य केले. हीच दृष्टी २०१० साली रस्ता अपघातांच्या बाबतीत तपशीलवार मांडली गेली. डॉक्टरने कागदावर किती टक्के लिहिले, याहून त्या माणसाच्या कामाचे काय झाले, हे पाहायचे. २०१४ साली पाय गमावलेल्या भाजीविक्रेत्याकडे कमाईचा कागद नव्हता. त्याचे महिना ६,५०० रुपये न्यायालयाने कागदावाचून मान्य केले. फेब्रुवारी २०२० मध्ये लहानपणीच अपघाताने पूर्ण अपंग झालेल्या मुलीच्या प्रकरणात १५,००० चे मानीव उत्पन्न बाजूला सारून कुशल कामगाराचे किमान वेतन धरले गेले. तिच्या सेवेला दोन माणसे लागणार म्हणून त्यांचा खर्च १८ ने गुणून २१ लाख ६० हजार रुपये वेगळे दिले गेले. जानेवारी २०२१ मध्ये घरातल्या स्त्रीच्या बिनपगारी श्रमालाही मोल आहे, हे पुन्हा ठामपणे सांगितले गेले.

या निकालांतला विचार नीट पाहिला पाहिजे. अंथरुणाला खिळलेल्या माणसाला कूस बदलून द्यायला जो माणूस लागतो, त्याची मजुरी जखमीच्या पगारावर अवलंबून नसते. वेदना पगारावर अवलंबून नसते. म्हणजे भरपाईचा मोठा भाग सर्वांना समान देता येतो. तेवढी इच्छा पाहिजे. न्यूझीलंडने १९७४ पासून अपघाती इजेचा दोष शोधणेच थांबवले. तेथेही बुडालेली कमाई कमाईच्या प्रमाणात मिळते, पण उपचार आणि पुन्हा उभे करण्याची जबाबदारी सर्वांसाठी सार्वजनिक आहे.

५

आपल्याकडे गाडे दोन पावले पुढे आणि एक मागे असे चालले आहे. दाव्याला सहा महिन्यांची मुदत होती, ती १९९४ साली काढली गेली. १ एप्रिल २०२२ पासून ती पुन्हा आली. तिला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले गेले आहे. ज्याचा पाय सहा महिने प्लास्टरमध्ये आहे, ज्याच्या घरातला कमावता हात इस्पितळाच्या फेऱ्यांत अडकला आहे, त्याला ही मुदत म्हणजे दार बंद झाल्याची सूचना आहे. दुसरीकडे, मे २०२५ पासून अपघातग्रस्ताला सात दिवसांपर्यंत दीड लाख रुपयांचे उपचार रोख पैसे न भरता मिळण्याची योजना लागू झाली आहे. धडक देऊन पळालेल्या वाहनाच्या बाबतीत मृत्यूला २ लाख आणि गंभीर इजेला ५० हजार मिळतात. या गोष्टी आपल्या वस्त्यांत किती जणांना माहीत आहेत? बुद्धविहारात, ठिय्यावर, महिला मंडळात त्या सांगितल्या गेल्या पाहिजेत. हक्क छापलेला असणे आणि हक्क माहीत असणे यांत फार अंतर आहे.

२५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत बाबासाहेबांनी इशारा दिला होता की, राजकारणात आपण प्रत्येक माणसाच्या मताला एक मूल्य देऊ आणि सामाजिक व आर्थिक जीवनात तेच मूल्य नाकारत राहू. ही विसंगती लवकर दूर झाली नाही तर लोकशाहीचा डोलाराच कोसळेल, असे ते म्हणाले होते. अपघाताची भरपाई हे या विसंगतीचे नेमके उदाहरण आहे. मतदानाच्या रांगेत ती बाई आणि तो अधिकारी समान आहेत. न्यायाधिकरणाच्या रांगेत ते आठपटीने विषम आहेत.

म्हणून आपली मागणी दयेची असू नये, हिशेबाची असावी. कोणाच्याही जखमेचा हिशेब कुशल कामगाराच्या किमान वेतनाच्या खाली सुरू होऊ नये. उपचार, परिचर्या, कृत्रिम अवयव आणि वेदना यांची भरपाई सर्वांना समान असावी, कमाईचे नुकसान तिच्यावर वेगळे मोजावे. कायम नोकरी नसलेल्याच्या भविष्यातील वाढीची टक्केवारी कमी धरण्याची रीत बंद व्हावी, कारण नोकरी कायम नसणे हा त्याचा गुन्हा नाही. मालवाहू गाडीतून मजुरीला जाणाऱ्या माणसाचा विमा सक्तीचा करावा. सहा महिन्यांची मुदत काढावी. आणि दोष शोधायचाच असेल, तर लगाम धरलेल्या हातापाशी थांबू नये. तो लगाम त्या हातात कोणी दिला, हेही विचारावे.